कावी अजून दगडावरच बसली आहे

शबानाचा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत बसले होते. सकाळची नऊ-साडेनऊची वेळ. शबाना म्हणजे दौंडच्या यासीनभाईंची मुलगी, शिरूरला औषधाच्या दुकानात असते. एरवी तिचा फोन मला यायचा नाही. यायचा तो यासीनभाईंचाच, आणि गेली दोन वर्षं त्यांच्या फोनची सुरुवात एकाच वाक्यानं व्हायची... "बाई, कावी अजून दगडावरच बसलीया." त्यामुळे शबानाचं नाव दिसलं तेव्हाच मी ओळखलं, काहीतरी झालंय. ती म्हणाली, "बाई, अब्बा गेले. पहाटं. झोपेतच." मी नुसतं "बरं" म्हणाले. अशा वेळी कुणी "बरं" म्हणतं का! पण तेवढंच तोंडातून निघालं. मेथीची जुडी हातात तशीच होती आणि हात थरथरत होता. तो हल्ली थरथरतोच, त्यामुळे आत्ता दुःखानं थरथरतोय की सवयीनं, हे माझं मलाच कळेना.

ज्यांना कावी ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. यासीनभाईंनी लहान मुलांसाठी 'काठावरची टोळी' नावाची सहा पुस्तकं लिहिली. दौंड-शिरूरकडं ज्यांचं लहानपण गेलं त्यातल्या बऱ्याच जणांनी ती वाचली असतील, निदान मित्राची ढापून वाचली असतील. काळ कुठला, तर माणसाकडं दगडाच्या हत्यारांपलीकडं काही नव्हतं तेव्हाचा. जागा कुठली, तर आपलीच, भीमेचा काठ. अकरा वर्षांची कावी पहिल्याच पुस्तकातल्या पुरात आईपासून तुटते. आईचा हात सुटतो, पोर एका ओंडक्याला धरून वाहत जाते आणि पुढची सगळी पुस्तकं काठाकाठानं उलटी चालत आईला शोधत राहते. सोबतीला गडूम नावाचं हत्तीचं पोरकं पिल्लू. वाटेत पाणघोड्यांचा राजा भेटतो, शहामृगावर बसून पळावं लागतं, आणि नदीतले म्हातारे दगड बोलतात. दगड एकदाच बोलतात, पण खोटं बोलत नाहीत, हा त्या जगाचा नियम. आई भेटते का, हे मात्र सहाव्या पुस्तकाच्या शेवटापर्यंत कळत नाही. कावी एका दगडावर बसून नदीकडं बघत राहते आणि पुस्तक संपतं. ते सातव्यात कळायचं होतं. सातवं पुस्तक निघालं नाही, आणि ते कुणामुळे निघालं नाही, हे सांगायलाच मी आज लिहायला बसले आहे. या सगळ्या पुस्तकांतली चित्रं माझी आहेत.

मी केडगावच्या एका शाळेत चित्रकला शिकवायचे. चित्रकलेच्या बाईंना काही काम नसतं असा सगळ्या शाळांत एक पक्का समज आहे. त्यामुळे शाळेची पाण्याची मोटार जळाली तेव्हा हेडसरांनी ती दुरुस्त करून आणायला मलाच पिटाळलं. शिपायाच्या डोक्यावर मोटार, मी मागं, अशी आमची वरात पॅसेंजरनं दौंडला पोचली. स्टेशनपासून जरा आत यासीनभाईंचं रिवाइंडिंगचं दुकान होतं. ऊसपट्ट्यातलं दुकान, त्यामुळे दारात जळक्या मोटारींची रांग, आत तांब्याच्या तारेची रिळं आणि डोकं दुखेल असा व्हार्निशचा वास. टेबलावर वह्यांची चळत आणि त्यांवर दाब म्हणून ठेवलेला एक विचित्र दगड. मातकट तपकिरी, ओंजळीत मावेल एवढा, वरच्या अंगाला आडव्या वळ्या उमटलेल्या.

"हा दगड कसला हो?" मी विचारलं.

"दगड न्हाई बाई. दाढ हाय." मान वर न करता ते म्हणाले.

"कुणाची?"

"हत्तीची. हितल्याच."

मला वाटलं, माणूस फिरकी घेतोय. मग त्यांनी सांगितलं. त्यांचे वडील विहिरींवर यारी चालवायचे. यारी म्हणजे विहिरीतला दगड-मुरूम वर ओढायचं यंत्र. शिरूरकडं घोडनदीच्या बाजूला एक विहीर खणताना खोलवर गोट्यांचा थर लागला आणि त्यात ही दाढ निघाली. मजूर म्हणाले, राक्षसाची आहे, टाकून द्या. वडिलांनी ती पोत्यात गुंडाळून घरी आणली आणि सात-आठ वर्षांच्या यासीनच्या पुढ्यात ठेवली. "तवापास्नं मला झोप न्हाई," यासीनभाई म्हणाले. "हितं हत्ती हुते, बाई. भीमेत पाणघोडे हुते. आन् आपली पोरं अफ्रिकेतल्या जनावरांची चित्रं बघून टाळ्या पिटत्यात." मोटार व्हायला दोन तास होते. मी पिशवीतून वही काढली आणि त्या दाढेचं चित्र काढत बसले. काम थांबवून ते मागं येऊन उभे राहिले. वहीवर वाकून पाहिलं. मग म्हणाले, "खालचा टवका उडालेला बी काढला तुम्ही." आणि दाढेखालची सगळ्यात वरची वही उचलून माझ्या हातात दिली. नववीत शाळा सुटलेला हा माणूस गोष्ट लिहीत होता आणि ती वाचायला अजून कुणाला दिली नव्हती.

त्यांचं लिहिणं विजेवर चालायचं, असं मी चारचौघांत सांगायचे आणि ते लाजायचे. पण ते खरंच होतं. थ्री फेज आली की शेतातल्या मोटारी सुरू व्हायच्या, सुरू झाल्या की जळायच्या आणि यासीनभाईंना मान वर करायला फुरसत नसायची. लाईट गेली की दुकान गप्प. मग दारातला स्टूल ओढायचा, वही मांडीवर घ्यायची आणि कावीला चालती करायची. ज्या आठवड्यात भारनियमन जास्त त्या आठवड्यात कावी पाच-पाच कोस चालायची. तालुक्यात सगळे विजेच्या नावानं बोटं मोडत असताना हा एकच इसम खुशीत असायचा. वहीत मधेच पट्टीनं आखलेला एक रिकामा चौकोन असायचा. तो माझा. त्या चौकोनात पेन्सिलीनं बारीक अक्षरात सूचना असायची... "हितं हत्ती. लय मोठा नको, पोरं भितील." किंवा "कावी पाठमोरी. रडती का हसती ते कळू नये." जे चित्रात येणार ते ते शब्दांत लिहायचे नाहीत. मी म्हणायचे, "अहो, मी काढलंच नाही तर गोष्टीला भोक पडेल." ते म्हणायचे, "मग काढा की."

पहिलं पुस्तक लग्नपत्रिका छापणाऱ्या प्रेसमध्ये छापलं. मुखपृष्ठाला पत्रिकांचा उरलेला गुलाबी पुठ्ठा मिळाला, त्यामुळे हत्ती, पूर आणि कावी सगळे एकजात गुलाबी! मला रडू यायचं बाकी होतं. यासीनभाईंना मात्र कौतुकच. मोटार घेऊन येणाऱ्या शेतकऱ्यांबरोबर त्यांची पोरंसोरं यायची. मोटार होईपर्यंत ती तिथंच पायरीवर बसून पुस्तक वाचायची आणि वडील निघाले तरी उठायची नाहीत. "अगं, चल की, उसाला पाणी द्यायचंय," असं बाप ओरडतोय आणि पोरगी "पाणघोडा आला हाय, थांबा" म्हणतेय, हे मी माझ्या कानांनी ऐकलेलं आहे.

जे स्वतः करून पाहिलं नाही ते पुस्तकात घालायचं नाही, हा त्यांचा हट्ट. गारगोटीवर गारगोटी घासून जाळ काढायचा म्हणून महिनाभर बोटं सोलून घेतली. कावीला भोपळ्यांच्या सांगडीवरून नदी ओलांडायला लावायची म्हटल्यावर त्यांनी दुकानाच्या पत्र्यावर भोपळ्याचे वेल चढवले. वर्षभर थांबले, भोपळे वाळवले, दोरीनं बांधले आणि हिवाळ्यातल्या एका रविवारी सकाळी भीमेवर हजर. मी काठावर वही घेऊन उभी. त्यांच्या पत्नी हमीदाभाभी डोक्यावरचा पदर सावरत ओरडतायत, "अहो, उतरा की खाली! पोरं हसाय लागली!" पन्नाशीचा हा मनुष्य लुंगी खोचून सांगडीवर बसला, मधोमध गेला आणि एक भोपळा सुटला. सांगड जाग्यावर गरागरा फिरायला लागली. तिकडून आवाज आला, "बुडालो तर कावीला बी बुडवा, बाई!" पाणी छातीएवढंच होतं म्हणून निभावलं. पुस्तकात कावीची सांगड पाण्यात तीन गिरक्या घेते ती त्यामुळे. घरी आल्यावर भाभींनी त्यांना चहा दिला नाही, मला मात्र दिला. वर म्हणाल्या, "तुम्ही शिकलेल्या हायेत ना बाई? मग तुम्ही तरी...!"

माझी एक चूक मात्र सांगायलाच हवी, कारण त्यांचा खरा स्वभाव मला तिच्यामुळे कळला. तिसऱ्या पुस्तकात मी नदीकाठचं एक मोठं चित्र काढलं होतं. फार मन लावून काढलं होतं. लहानपणापासून पाहिलेला काठ, हात आपोआप चालत होता. पुस्तक निघालं आणि महिन्याभरात वरवंडच्या सारिका नावाच्या पाचवीतल्या मुलीचं पोस्टकार्ड आलं. 'चित्रात कावीच्या मागे वेडी बाभूळ आहे. माझे आजोबा म्हणतात, वेडी बाभूळ ते लहान असताना इकडे नव्हती, नंतर आली. मग कावीच्या वेळी कशी होती?' मी कार्ड वाचलं आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आख्खा काठ मी वेड्या बाभळीनं भरून टाकला होता! हत्तीच्या पायाची नखं मोजून काढणारी मी, आणि रोज नजरेसमोर असलेल्या झाडाचा मला संशयसुद्धा आला नाही. दौंडला जाऊन मी म्हणाले, "उरलेल्या प्रती परत मागवा, मी चित्र बदलून देते." यासीनभाईंनी कार्ड दोनदा वाचलं. हसले. म्हणाले, "चूक खोडायची न्हाई, बाई. तिला कामाला लावायची."

आणि त्यांनी चौथं पुस्तक लिहिलं, 'उद्याचं झाड'. टोळीतल्या कुणीही न पाहिलेलं एक काटेरी झाड काठावर उगवतं. म्हातारा दगड सांगतो, हे झाड आजचं नाही. वर्षातून एकदा नदी उलटी वाहते, तेव्हा पुढच्या काळातलं बी इकडं वाहून आलंय. कावी त्या झाडावर चढते आणि शेंड्यावरून तिला लांबवर एक लोखंडी अजगर धूर सोडत जाताना दिसतो. ती दौंड जंक्शनची आगगाडी, हे इथल्या पोरांना सांगावं लागलं नाही. सगळ्यात जास्त वाचलं गेलं ते हेच पुस्तक. पहिली प्रत त्यांनी वरवंडच्या सारिकेला पाठवली, आणि आत लिहिलं, 'हे झाड तुझं आणि बाईंचं.' माझी चूक जगजाहीर झाली, पण त्यानंतर मला तिची लाज वाटली नाही.

आता माझ्या खोटेपणाचं. मी शाळेतून निवृत्त झाले आणि दोनेक वर्षांनी उजव्या हाताला कंप सुटला. डॉक्टर म्हणाले, घाबरण्यासारखं काही नाही, वयानं होतं काहींना. त्यांना घाबरण्यासारखं नसेल! माझी रेघ गेली. सरळ काढायला जावं तर करवतीच्या दात्यांसारखी यायला लागली. त्यानंतर एकदा दुकानात माझ्या हातातली बशी हिंदकळली, तेव्हा मी प्रवासाच्या दगदगीचं नाव सांगून वेळ मारून नेली. पुढं काही महिन्यांनी यासीनभाईंनी सातव्या पुस्तकाची वही पुरी केली. ती घेऊन जा म्हणून फोन आला, आणि हात गेला असं मला त्यांना सांगवेना. सांगितलं की ते खरं होईल, असं काहीतरी वेडं डोक्यात होतं. म्हटलं, डोळ्याचं ऑपरेशन आहे, झालं की नेते वही. मग नातीचं बारसं निघालं. मग घराला रंग लागला, मग गुडघा. दरम्यान पुण्याच्या एका प्रकाशकानं सगळी मालिका नव्यानं काढायची तयारी दाखवली, चित्रं मात्र त्यांच्याकडचा कुणी तरुण कॉम्प्युटरवर काढणार होता. यासीनभाईंनी नकार दिला. मला कळल्यावर मी फोनवर भांडले. "अहो, घ्या ना! माझ्यासाठी कशाला अडता?" ते म्हणाले, "तुमच्यासाठी न्हाई, कावीसाठी. तिचं तोंड तुमालाच ठावं हाय. तुमचं आवरंल तवा आवरंल. ती बसलीया दगडावर." मी फोन ठेवून रडले, आणि तरीही खरं सांगितलं नाही.

मधल्या काळात मी दुकानात दोनदा गेले. एवढ्या वर्षांचा रिवाज असा, की मी गेले की शेजारच्या हॉटेलातून काचेच्या कपात काठोकाठ चहा यायचा, बशीत सांडायचा आणि आम्ही दोघं बशीतला आधी प्यायचो. या दोन्ही वेळी मात्र स्टीलचा मोठा पेला आला, आणि त्यात तळाला चार घोट चहा. मला वाटलं, म्हातारपणी माणूस चिक्कू झाला! परत येताना गाडीत मी मनाशी हसलेसुद्धा. पेला दोन्ही हातांनी धरून प्यायला सोयीचा पडला, तेवढं बरं वाटलं. त्या दुसऱ्या भेटीत निघताना ते दाढ हातात घेऊन फडक्यानं पुसत होते. म्हणाले, "बाई, वही आज न्या." मी म्हणाले, "पुढच्या खेपेला नक्की." ते म्हणाले, "चालतंय." ती आमची शेवटची भेट.

ते गेले त्या दिवशी मी दौंडला गेले तेव्हा मयत निघून गेलेली होती. हमीदाभाभी बायकांत बसल्या होत्या. माझा हात हातात धरून ठेवला. बाहेर अंगणात एक बाई लहान मुलाला कडेवर घेऊन उभी होती. "ओळखलं का, बाई? मी वरवंडची सारिका. बाभळीची." मी तिच्या पाठीवरून हात फिरवला. ती डोळे पुसत म्हणाली, "एक इचारू का? आत्ता इचारू नये, पण... कावीला आई भेटली का हो?" मला ठाऊक नव्हतं. वही मी नेलीच नव्हती. आणि माझ्या उत्तराची वाट बघणारी ती पोस्टकार्डवाली मुलगी आता आई झाली होती, इतका वेळ मी लावला होता.

चाळिसाव्या दिवसाचा फातिहा झाल्यावर शबाना केडगावला घरी आली. पिशवीत वही होती आणि पोत्याच्या तुकड्यात गुंडाळलेली दाढ. "अम्मी म्हणाली, हे बाईंचं." चहा घेऊन ती गेली. मी दार लावून वही वाचायला बसले. बारा चौकोन होते. पहिल्या चौकोनात लिहिलं होतं, "नुसता धूर." दुसऱ्यात, "पाऊस. लांबनं." तिसऱ्यात, "गडूम पाण्यात. लाटाच जास्त." तोपर्यंत माझ्या लक्षात आलं नाही. मग पुढं गवत, मग वारा, मग राखेत उमटलेली पावलं... सबंध पुस्तकात सरळ रेघेचं एकही चित्र त्यांनी मला सांगितलेलं नव्हतं. शेवटच्या पानावर गोष्ट अशी संपते: 'कावी दगडावरून उठली. पलीकडच्या काठाला धूर होता आणि धुराजवळ कुणीतरी उभं होतं.' त्याखाली चौकोन, आणि चौकोनात बारीक अक्षरात लिहिलेलं होतं,

"हितं नुसती नदी. लांब पल्याड एक बाई. आई हाय का दुसरी कोण, ते तुम्ही ठरवा. हात हालला तर हालू द्या, बाई. पाणीच हाय."

म्हणजे त्यांना ठाऊक होतं. पेल्यातल्या चार घोटांचा अर्थ मला तेव्हा लागला. आणि मी त्यांना चिक्कू म्हणाले होते... त्यांनी मला कधी विचारलं नाही, कधी कीव केली नाही. माझ्या हाताला जमेल असं पुस्तक लिहून दोन वर्षं वाट पाहत बसले. आणि मी रंगाची नि गुडघ्याची कारणं सांगत राहिले. याचं वाईट वाटणं संपणार नाही, आणि ते संपावं असं मला वाटतही नाही.

अकरा चित्रं झाली आहेत. कागद हलू नये म्हणून डाव्या कोपऱ्यावर ती दाढ ठेवते. व्हार्निशचा वास तिला अजून आहे, नाक जवळ नेलं की येतो. काल सकाळी बाराव्याला बसले. नदी चांगली उतरली, खरं सांगते, धडधाकट हातानं मला असं पाणी कधी जमलं नव्हतं. मग पलीकडची बाई काढायला घेतली. अगदी लहान, बोटाच्या पेराएवढी. तिला नुसती उभी काढायची होती, हात खाली सोडलेले. पण पेन्सिल टेकली आणि हात उडाला. एक रेघ खांद्यातून वर गेली, तिथंच दोन-तीनदा थरथरली. मी खोडरबर घेतला आणि चित्र जरा लांब धरून पाहिलं. ती बाई हात वर करून हलवत होती, काठावरून कुणाला तरी बोलावत होती. मी खोडरबर ठेवून दिला आणि वरवंडला सारिकेला फोन लावला.